राक्षस पुन्हा उठतो तेव्हा : 'टर्मिनेटर'ची चाळीस वर्षे

दशावतारी नाटकातला राक्षस शेवटी मरणार, हे पेडण्यातल्या शाळकरी मुलालाही ठाऊक असते. पावसाळा सरून जत्रांचा हंगाम लागला की देवळासमोर रंगमंच उभा राहतो. गणपती, रिद्धी-सिद्धी आणि संकासुर यांचा आड-दशावतार, म्हणजे पूर्वरंग, आटोपतो आणि रात्र चढू लागली की आख्यान रंगात येते. राक्षस मातणार, देव संकटात पडणार, युद्ध होणार, राक्षस पडणार. चार दिवसांनी शेजारच्या गावच्या जत्रेत तोच राक्षस पुन्हा आरोळी ठोकत येणार आणि लोक पुन्हा पहाटेपर्यंत बसणार. पेडणे १७८८ साली पोर्तुगीजांच्या हाती गेले, डिचोली त्याच्या काही वर्षे आधी. त्यापूर्वी हा मुलूख सावंतवाडीकर भोसल्यांचा होता. राज्य बदलले, तरी तेरेखोलच्या अलीकडे आणि पलीकडे नाटक तेच राहिले.

म्हणूनच 'टर्मिनेटर' या हॉलिवूडच्या चित्रपटमालिकेवर नेहमी दिला जाणारा निवाडा मला मान्य नाही. तीच ती गोष्ट सांगून ही मालिका संपली, असे म्हणतात. तीच गोष्ट सांगितल्याने काही संपत असते तर दशावतार केव्हाच बंद पडला असता. १९८४ ते २०१९ या काळात सहा चित्रपट, मध्ये एक दूरचित्रवाणी मालिका आणि २०२४ साली जपानी धाटणीची एक अ‍ॅनिमेशन मालिका, असा हा सगळा पसारा. त्यातले पहिले दोन चित्रपट विज्ञानकथेच्या इतिहासात पक्के बसले आहेत. नंतरच्या चारांना पैसा कमी पडला नाही, आणि तंत्र तर सुधारतच गेले. मग बिघडले कुठे? माझे उत्तर असे : राक्षस पुन्हा उठवला यात चूक नव्हती. तो उठवताना आधीच्या लढाईत ज्यांनी प्राण दिले त्यांचे मरण या मालिकेने फुकट ठरवले, आणि तिथे ती प्रेक्षकाच्या मनातून उतरत गेली.

जेम्स कॅमेरॉन चित्रपटात येण्याआधी पोटासाठी ट्रक चालवत असे. ऐंशीच्या दशकाच्या आरंभी 'पिरान्हा'च्या दुसऱ्या भागाच्या कामासाठी तो रोममध्ये असताना तापाने फणफणला. त्या तापात त्याला आगीतून बाहेर पडणारा धातूचा सांगाडा दिसला. त्या एका दृश्याभोवती त्याने कथा रचली आणि पटकथेचे हक्क निर्माती गेल अ‍ॅन हर्ड हिला एका डॉलरला विकले. अट एकच, दिग्दर्शन मीच करणार. चित्रपट सुमारे ६४ लाख डॉलरमध्ये तयार झाला. हॉलिवूडच्या हिशेबात ही किरकोळ रक्कम होती.

कथा थोडक्यात अशी. अमेरिकेच्या संरक्षणासाठी बांधलेली 'स्कायनेट' ही संगणकव्यवस्था स्वतःच्या बुद्धीने चालू लागते, अण्वस्त्रे सोडते आणि उरलेल्या माणसांची शिकार सुरू करते. जॉन कॉनर नावाचा नेता माणसांना एकत्र करून तिला हरवत आणतो. तेव्हा २०२९ सालातून स्कायनेट एक मारेकरी यंत्र मागे १९८४ साली पाठवते. जॉनच्या जन्माआधीच त्याच्या आईला, सारा कॉनर या हॉटेलात काम करणाऱ्या साध्या तरुणीला, संपवायचे हा त्याचा हेतू. माणसांकडून तिच्या रक्षणाला कायल रीस हा सैनिक येतो, आणि तोच जॉनचा बाप ठरतो. मुलगा आपल्या बापाला मरणाच्या दारात पाठवतो, कारण त्याशिवाय तो स्वतः जन्मालाच येणार नाही. एवढी घट्ट गाठ असलेली पटकथा मारधाडीच्या चित्रपटांत क्वचित सापडते.

आपल्याकडच्या प्रेक्षकाला इथे भस्मासुर आठवल्यावाचून राहत नाही. दिलेले सामर्थ्य देणाऱ्यावरच उलटले, इथपर्यंत दोन्ही कथा जवळच्या आहेत. पुढे मात्र त्या पार वेगळ्या होतात. भस्मासुराला वासना होती, म्हणून मोहिनीला त्याला फसवता आले. हिरण्यकशिपूला अहंकार होता, म्हणून त्याच्या वरातच त्याच्या मरणाची फट राहिली. दशावतारातला राक्षस बोलतो, फुशारक्या मारतो, आपला अपमान कसा झाला हे सांगतो. चांगला नट असेल तर अर्धी रात्र त्याचीच असते. कॅमेरॉनच्या राक्षसाला ना तप, ना वर, ना अपमान. ऑस्ट्रियातून आलेल्या अर्नोल्ड श्वार्झनेगर या शरीरसौष्ठवपटूला त्याने ही भूमिका दिली आणि तोंडी मोजकीच वाक्ये ठेवली. तो धावतसुद्धा फारसा नाही, चालत येतो. ज्याला काहीच नको आहे त्याला कशाचे आमिष दाखवणार, हा प्रश्न त्या चालीतूनच प्रेक्षकाच्या पोटात उतरतो. स्टॅन विन्स्टन याने घडवलेला धातूचा सांगाडा अखेरच्या भागात आगीतून उभा राहतो तेव्हा तंत्र आजच्या मानाने ओबडधोबड दिसते; काही ठिकाणी बाहुली एकेका चौकटीने हलवून चित्रीकरण केल्याचे कळतेही. तरी भीती कमी होत नाही, कारण ती आधीच्या दीड तासात साठलेली असते.

या भीतीला त्या काळाचे अस्तर होते. मार्च १९८३मध्ये अध्यक्ष रेगन यांनी अवकाशातून क्षेपणास्त्रे अडवण्याची योजना जाहीर केली. त्याच वर्षी २६ सप्टेंबरला सोव्हिएत संघाच्या संगणकांनी अमेरिकी क्षेपणास्त्रे निघाल्याचा इशारा दिला. स्तानिस्लाव पेत्रोव या पहाऱ्यावरच्या अधिकाऱ्याने तो खोटा असावा असे ठरवले आणि वर युद्धाची बातमी जाऊ दिली नाही. ही हकिगत जगाला बऱ्याच वर्षांनी कळली, म्हणजे कॅमेरॉनला ती ठाऊक असणे शक्य नव्हते. पण निर्णय यंत्राच्या हाती गेला तर काय होईल, हे त्याच्या पटकथेने त्याच सुमारास विचारले होते. चित्रपट अमेरिकेत २६ ऑक्टोबर १९८४ला लागला. त्यानंतर सहा आठवडे होण्याआधीच भोपाळ घडले. यंत्रे माणसावर उलटण्यासाठी त्यांना बुद्धीच फुटायला हवी असे नाही, मालकाची बेपर्वाई पुरते, हे आपल्या देशाने त्या रात्री पाहिले. मला वाटते, म्हणूनच भारतीय प्रेक्षकाला स्कायनेटची भीती नेहमी किंचित परकी वाटत आली.

आमच्या भागात हे चित्रपट उशिराच पोचले, आणि बहुतेकांनी ते आधी चित्रपटगृहात पाहिले नाहीत. ते भाड्याच्या कॅसेटवर पाहिले, नंतर केबलवर. १९९४ साली 'ज्युरासिक पार्क'ची हिंदी आवृत्ती चालली आणि हॉलिवूड हिंदीत बोलू लागले, तसा श्वार्झनेगरही घराघरांत हिंदी बोलू लागला. पुढे २००४पासून भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव पणजीत भरू लागला. तरी अशा चित्रपटांची खरी गोडी त्याच्या आधीच, शेजारच्याच्या टीव्हीसमोर दाटीवाटीने बसून लागलेली होती.

दुसऱ्या चित्रपटाबद्दल मी जास्त बोलणार आहे, कारण मालिकेचे वैभव आणि तिच्या पुढच्या दुर्दैवाचे बीज दोन्ही त्यातच आहेत. 'टर्मिनेटर २' ३ जुलै १९९१ला आला. खर्च दहा कोटी डॉलरच्या घरात, त्या वेळेपर्यंत एवढा खर्च कुठल्याच चित्रपटावर झाला नव्हता. जगभरात त्याने पन्नास कोटींच्या वर कमावले आणि चार ऑस्कर मिळवले. कॅमेरॉनने इथे पहिल्या चित्रपटाचा मारेकरीच रक्षक म्हणून आणला. दहा वर्षांच्या जॉनला वाचवायला आलेले जुन्या घडणीचे यंत्र विरुद्ध टी-१००० हे पाऱ्यासारखे वाहणारे, कुणाचेही रूप घेणारे नवे यंत्र. रॉबर्ट पॅट्रिकने ते साकारले, आणि त्याला गणवेश दिला पोलिसाचा. त्याच वर्षी मार्चमध्ये त्याच लॉस एंजेलिसमध्ये रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसाला पोलिसांनी केलेल्या मारहाणीची चित्रफीत अमेरिकेने पाहिली होती. शीतयुद्ध विझत आले होते. भीतीने पत्ता बदलला आणि ती आपल्याच रक्षणकर्त्याच्या गणवेशात शिरली.

टी-१०००साठी इंडस्ट्रियल लाइट अँड मॅजिक या कंपनीने केलेले संगणकी काम आजही शिकवले जाते. पण ते पडद्यावर जेमतेम काही मिनिटेच दिसते, हे फार थोड्यांच्या लक्षात येते. बाकी सगळे विन्स्टनच्या कारागिरांच्या बाहुल्या, साचे, रंगरंगोटी आणि खरेखुरे स्फोट. सारा एकाच चौकटीत दोनदा दिसावी म्हणून काही ठिकाणी लिंडा हॅमिल्टनच्या जुळ्या बहिणीला उभे केले आहे. आपल्या दशावताराच्या जाहिरातींवर गेली काही वर्षे 'भव्य ट्रिकसीनयुक्त' हे शब्द मोठ्या अक्षरांत दिसतात. कुणी हवेतून उतरतो, कुणाचे मुंडके उडते. जुन्या रसिकांना त्याचा राग येतो. मला येत नाही. ट्रिकसीन कधी यावा आणि किती वेळ टिकावा, हे जाणणारी मंडळी त्याने नाटक उंचावतात. न जाणणारी मंडळी त्याच्या भरवशावर संवाद सैल सोडतात. कॅमेरॉनला ते जाणणे साधले होते, आणि ते त्याच्यामागून आलेल्यांना साधले नाही.

तंत्राहून मोठी गोष्ट म्हणजे सारा. पहिल्या चित्रपटात पळणारी मुलगी इथे वेड्यांच्या इस्पितळात कोंडलेली, अंग कमावलेली, कुणावरही विश्वास न ठेवणारी बाई झाली आहे. जे तिला ठाऊक आहे ते खरे आहे, आणि म्हणूनच जग तिला वेडी म्हणते. पुढे ती माइल्स डायसन या अभियंत्याला मारायला त्याच्या घरी जाते, कारण त्याच्या संशोधनातूनच स्कायनेट जन्मणार असते. बायकामुलांसमोर तो जखमी होऊन पडतो आणि तिच्या लक्षात येते की आपणच त्या मारेकरी यंत्रासारखे वागत आहोत. बंदूक तिच्या हातातून गळते. मग डायसनला सगळे सांगितले जाते. भला माणूस, कामावर प्रेम करणारा, ज्याने अजून काहीच वाईट केलेले नाही. आपल्या कामातून काय निपजणार आहे हे कळल्यावर तो आपले आयुष्यभराचे काम स्वतःच्या हाताने नष्ट करायला निघतो आणि त्यातच मरतो. मालिकेतला सर्वांत मोठा वीर मला तोच वाटतो. त्याच्यासारख्या माणसाची कल्पना करणारे मारधाडीचे चित्रपट पुढे फार आले नाहीत.

शेवट पोलादाच्या कारखान्यात होतो. गोव्याच्या खाणपट्ट्यात वाढलेल्या माणसाला हा शेवट वेगळाच भिडतो. डिचोलीत लोखंड दिसते ते लाल मातीच्या रूपात. टिप्परमध्ये भरलेले, मग बार्जमध्ये ओतलेले, मांडवीतून मुरगावच्या बंदराकडे जाणारे. आधी जपानला, नंतर मोठ्या प्रमाणावर चीनला गेले. ते तिकडे कुठल्या भट्टीत वितळते, हे इथे कुणी पाहिले? इथल्या रस्त्यावर, घरांच्या भिंतींवर, आंब्याच्या पानांवर उरते ती त्याची धूळ. चित्रपटात ती भट्टी समोर येते आणि दोन्ही यंत्रे तिच्यातच संपतात. टी-१००० वितळतो. मग रक्षक यंत्र सांगते की माझ्या डोक्यातली चिपही नष्ट व्हायला हवी, आणि मी स्वतःला संपवू शकत नाही. बटण साराला दाबावे लागते. ज्याला काहीच नको होते, त्या यंत्राला अखेर एक गोष्ट कळलेली असते : पोर का रडते ते. कॅमेरॉनने म्हातारी सारा बागेत बसून शांत भविष्य पाहते असा उपसंहार चित्रित केला होता. तो त्याने वगळला आणि रात्रीचा रिकामा रस्ता ठेवला. कथा संपली, पण जग वाचलेच असे वचन दिले नाही. इथे थांबले असते तर दोन चित्रपटांचे हे अखंड आख्यान झाले असते.

मालिका थांबली नाही, याची कारणे कलेत कमी आणि हिशेबाच्या वह्यांत जास्त आहेत. दुसरा चित्रपट काढणारी कॅरोल्को कंपनी १९९५ साली दिवाळखोरीत गेली, हक्क विकले गेले आणि पुढे ते हातोहात फिरत राहिले. ज्याच्याकडे हक्क तो चित्रपट काढणार, कॅमेरॉनला काही सांगायचे असो वा नसो. कथेत २९ ऑगस्ट १९९७ हा प्रलयाचा दिवस होता. तो कॅलेंडरवरून निघून गेला आणि जग जागेवर राहिले.

२००३ साली जोनाथन मॉस्टोवने तिसरा भाग केला. प्रलय टळला नव्हता, फक्त लांबला होता, हे त्याचे सूत्र. एका वाक्यात डायसनचे मरण आणि भट्टीतला तो त्याग, दोन्ही निष्फळ झाले. तरीही या चित्रपटाची शेवटची पंधरा मिनिटे मी मानतो. स्कायनेट एका इमारतीत नाही, ती जगभरच्या संगणकांत पसरलेली आहे, तिला तोडायला मध्यच नाही, हे जॉनला डोंगराच्या पोटातल्या जुन्या बंकरमध्ये कळते, आणि वर अण्वस्त्रे सुटतात. इंटरनेट घरोघरी पोचत होते, संगणकी विषाणूंच्या बातम्या रोज येत होत्या. त्या काळाची भीती तिथे नेमकी पकडली आहे. बाकी चित्रपट मोठमोठ्या वाहनांच्या आदळआपटीचा. तो लागल्यावर काही महिन्यांतच श्वार्झनेगर कॅलिफोर्नियाचा गव्हर्नर म्हणून निवडून आला.

सहा चित्रपटांच्या चर्चेत जी मालिका हटकून राहून जाते ती 'द सारा कॉनर क्रॉनिकल्स', २००८-०९ची. एकतीस भाग झाले आणि ती बंद पडली. लीना हेडीची सारा लिंडा हॅमिल्टनइतकी धगधगती नाही. ती थकलेली आहे. घर बदलायचे, नाव बदलायचे, मुलाला नव्या शाळेत घालायचे, रात्री दाराशी बसून राहायचे. प्रलयाची वाट पाहत घर चालवणे कसे असते, हे तिथे दिसले. दूरचित्रवाणीला मिळणारा सावकाश वेळ या कथेला चित्रपटाहून जास्त मानवतो हे मला तेव्हाच पटले.

२००९चा 'सॅल्व्हेशन' आणि २०१५चा 'जेनिसिस' यांच्यासाठी फार जागा द्यावी असे वाटत नाही. पहिल्यात प्रलयानंतरचे युद्ध थेट दाखवले. क्रिश्चन बेलचा जॉन कॉनर सतत ओरडतो आणि जे अंधारात सूचित होते ते उन्हात आणल्यावर त्यातली धास्ती गेली. तो काढणारी कंपनी त्याच वर्षी दिवाळखोर झाली. दुसऱ्यात एक चांगली कल्पना होती. स्कायनेट आता शस्त्र म्हणून येत नाही. लोक ज्याची रांगा लावून वाट पाहतात अशी, सगळी उपकरणे जोडणारी फोनवरची सोय म्हणून येते. २०१५ साली हे अगदी बरोबर होते. पण त्याच चित्रपटाने १९८४च्या घटना पुसून नव्याने लिहिल्या आणि ज्याच्यासाठी सगळे लढले त्या जॉनलाच यंत्र करून शत्रू बनवले. जगभरची कमाई ४४ कोटी डॉलर, त्यातला चौथा हिस्सा चीनमधून. अमेरिकेतल्या प्रेक्षकाने पाठ फिरवली. ठरलेले पुढचे दोन भाग झालेच नाहीत.

२०१९च्या 'डार्क फेट'कडे मात्र नीट पाहायला हवे. कॅमेरॉन निर्माता म्हणून परतला, टिम मिलर दिग्दर्शक, आणि साठी ओलांडलेली लिंडा हॅमिल्टन पुन्हा सारा झाली. पांढरे केस, चेहऱ्यावर सुरकुत्या, हातात बंदूक. या वयाच्या बाईला मारधाडीच्या चित्रपटाच्या मध्यभागी आणणे ही मोठी गोष्ट होती. मेक्सिको सिटीतला मोटारींच्या कारखान्याचा प्रसंग मालिकेतला सर्वांत खरा प्रसंग आहे असे मी म्हणेन. डॅनी रामोस आणि तिचा भाऊ कामावर येतात आणि भावाच्या जागी यंत्राचा हात बसवलेला असतो. भविष्यातून कुणी यायची गरजच नाही. यंत्र आधीच आलेले आहे, व्यवस्थापकाच्या परवानगीने. पुढे मारेकरी यंत्र अमेरिकेच्या सीमेवरच्या रक्षकाच्या वेशात शिरते आणि स्थलांतरितांना कोंडलेल्या पिंजऱ्यांमधून शिकार शोधते. टी-१०००च्या पोलिसी गणवेशानंतर भीतीने इतका नेमका वेश या मालिकेत घेतला नव्हता.

खाणपट्ट्याला हा प्रसंग कळतो आणि त्यातले काय सुटले आहे तेही कळते. इथे यंत्राने माणसाची जागा घेतली, हे अर्धेच सत्य. खाणींवर यांत्रिक फावडी आली तेव्हा टोपल्या वाहणारे हात कमी झाले. पण त्याच यंत्रांच्या मागोमाग गावातल्या कितीतरी घरांनी कर्ज काढून ट्रक घेतले आणि यंत्र घरचा कमावता झाला. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने खाणी थांबल्या. पुढे सुरू झाल्या आणि २०१८च्या मार्चमध्ये पुन्हा थांबल्या. तेव्हा दारात ट्रक उभे राहिले आणि हप्ते चालू राहिले. यंत्र उलटल्याची कथा हॉलिवूडने सांगितली. ज्यांनी उपशाने झरे आटताना, शेतात गाळ येताना पाहिले, आणि ज्यांनी यंत्र थांबल्यावर चूल थांबताना पाहिली, ती माणसे एकाच गावात, कधी एकाच घरात राहतात. त्यांच्यासाठी यंत्र हा शत्रू की मित्र असा सरळ कौल देता येत नाही. 'डार्क फेट'ने कारखान्याचे दार उघडले, पण तो आत दहा मिनिटेही थांबला नाही.

आणि त्याआधी, चित्रपटाच्या पहिल्याच काही मिनिटांत, जॉन कॉनरला मारून टाकले. किशोरवयात, समुद्रकिनाऱ्यावरच्या खानावळीत, आईच्या डोळ्यांसमोर. दोन चित्रपटांत ज्याला वाचवायला कायल रीस मेला, डायसन मेला, भट्टीत यंत्र उतरले, तो मुलगा असाच गेला. त्याच्या जागी डॅनी आणि स्कायनेटच्या जागी 'लीजन' नावाची दुसरी व्यवस्था आली. धाडस म्हणून याची स्तुती झाली. मला ते धाडस वाटत नाही. जुन्या प्रेक्षकाने अठ्ठावीस वर्षे जपलेली गोष्ट दारातच मोडली, आणि मग त्याच गोष्टीची उजळणी त्याच्यापुढे मांडली. जगभरची कमाई सुमारे २६ कोटी डॉलर झाली, निर्मात्यांना मोठा तोटा झाला. यापासून नवे तीन भाग बेतले होते, त्यातले पुढचे दोन सोडून द्यावे लागले.

दशावतारात आधीचा विजय असा फुकट का जात नाही? कारण तिथे प्रत्येक रात्र पूर्ण असते. आजचा राक्षस काल मारलेला असूनही पुन्हा उठलेला नसतो. आज आख्यान पुन्हा आरंभापासून सांगितले जाते आणि दहीकाल्यापर्यंत पोचवले जाते. त्यामुळे कालचा विजय कालच्या रात्रीत अबाधित राहतो. संहिता लिहिलेली नसते. नाटकाआधी जाणता नट आख्यान कोणते आणि कुणाचे सोंग कोणते एवढे सांगतो, आणि मंचावर संवाद तिथल्या तिथे घडतात. नावीन्य असते ते तिथे, बोलण्यात, पायपेटी आणि मृदंगाच्या साथीत, समोरच्या गावाच्या सुखदुःखाला लावलेल्या शब्दात. कथेचा शेवट बदलून नवे काही केल्याचा आव कुणी आणत नाही. २०२५ साली सुबोध खानोलकर यांच्या 'दशावतार' या मराठी चित्रपटात दिलीप प्रभावळकरांनी साकारलेला म्हातारा दशावतारी नट खाणीच्या लोभाविरुद्ध उभा राहतो, तोही सोंगांच्याच बळावर. विज्ञानकथा ती नव्हे, पण यंत्र आणि जमीन यांचे भांडण आपल्या भूमीवर कसे दिसेल याचे एक उत्तर तिथे मिळाले.

आधीचा त्याग फुकट ठरवण्याची 'टर्मिनेटर'ची चूक भारतीय पडद्यावरही एकदा झाली. शंकर यांच्या २०१०च्या 'एंदिरन'मध्ये, म्हणजे हिंदीतल्या 'रोबोट'मध्ये, रजनीकांतचा चिट्टी न्यायालयाच्या आदेशावरून स्वतःचे अवयव स्वतःच सुटे करतो. त्या चित्रपटाच्या यांत्रिक बाहुल्यांवर विन्स्टनच्या कारखान्यातूनच पुढे निघालेल्या लेगसी इफेक्ट्सने काम केले होते, आणि त्या प्रसंगावर 'टर्मिनेटर २'च्या भट्टीची छाया उघड आहे. तो निरोप पाहून मुले रडत. २०१८च्या '२.०'मध्ये चिट्टीला पुन्हा जोडले गेले. चित्रपट चालला, दृश्ये भव्य होती. त्या निरोपाचे वजन मात्र परत आले नाही.

आता यंत्रबुद्धी ही कल्पना राहिलेली नाही. स्वतःच लक्ष्य निवडणाऱ्या शस्त्रांवर बंधने घालावीत का, यावर २०१४पासून जिनिव्हात देशांची बोलणी चालू आहेत आणि निकाल लागत नाही. २०२२च्या अखेरीपासून माणसासारखे लिहिणारी यंत्रे शाळकरी मुलांच्या हातात आहेत. या काळात आलेली 'टर्मिनेटर झीरो' ही आठ भागांची जपानी धाटणीची मालिका नेटफ्लिक्सवर २९ ऑगस्ट २०२४ला, म्हणजे मुद्दाम प्रलयाच्या त्याच तारखेला, आली. गोष्ट १९९७च्या टोकियोतली. कॉनर घराण्यातले कुणीही नाही. स्कायनेटला उत्तर म्हणून 'कोकोरो' नावाचे दुसरे यंत्रमन घडवणारा शास्त्रज्ञ ते चालू करण्याआधी त्याच्याशी वाद घालतो : माणसे वाचवण्याच्या लायकीची आहेत का? हे संवाद लांब आहेत. मारधाडीसाठी बसलेल्या प्रेक्षकाला ते कंटाळवाणे वाटले असतील. देव आणि असुर यांचे शस्त्र उचलण्याआधी तासभर शब्दांनी भांडणे ऐकत वाढलेल्याला ते अजिबात लांब वाटत नाहीत. चाळीस वर्षांत 'टर्मिनेटर'मधल्या यंत्राला पहिल्यांदाच स्वतःची बाजू एवढ्या विस्ताराने मांडायला मिळाली. त्यातही महत्त्वाचे म्हणजे जुन्या कुणाचे मरण 'झीरो' या मालिकेने पुसले नाही. काळात मागे गेलेल्या प्रत्येकामागे एक वेगळे जग फुटते, असे मानून तिने आधीची आख्याने जशीच्या तशी ठेवली. दुसरा हंगाम मात्र मंजूर झाला नाही.

आज ज्याला ही मालिका नव्याने पाहायची आहे त्याने पहिले दोन चित्रपट लागोपाठ दोन रात्री पाहावेत, रात्रीच आणि अंधारात, कारण पहिला चित्रपट अंधारासाठीच घडवला आहे. वेळ असेल तर 'सारा कॉनर क्रॉनिकल्स' सावकाश पाहावी. 'डार्क फेट'मधला कारखान्याचा प्रसंग पाहून तिथेच चित्रपट थांबवला तरी चालेल. आणि मग 'झीरो'. मधले बाकीचे पाहिले नाहीत तर कथेत काही अडत नाही.